अढाऊ व इतर

देवमन पारस्करच्या लेकीला, साधनाला, लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी मूल झालं आणि अकोल्यात बापाच्या घरी तिच्या पोरीचं बारसं झालं, ते वर्ष दोन हजार तेवीस. घरात पुढे सगळं त्या बारशापासून मोजलं जाऊ लागलं. गाडीचं इंजिन खोललं ते बारशाच्या आधी, बायकोची, इंदूबाईची, दाढ काढली ती बारशाच्या नंतर. देवमनला मात्र त्या दिवसातलं दुसरंच आठवत राहिलं. बायका पाळण्याभोवती दाटीनं उभ्या होत्या. घुगऱ्यांची परात मधोमध होती. पोरीची आत्या वाकून तिच्या कानाशी तोंड नेत होती, बाकीच्या आत्याच्या पाठीत धपाटे घालायला हात उगारून तयार होत्या, आणि नेमका तेव्हा देवमनच्या सदऱ्याच्या खिशातला फोन थरथरला. एक कान पाळण्याकडे ठेवून त्यानं दुसऱ्या कानाला फोन लावला. अमरावतीहून वकीलबाई बोलत होत्या. अदिती, जुन्या मोरोपंत वकिलांची नात. ट्रॅव्हल्सवाल्यांची केस तिच्याकडे होती.

"काका, गडबडीत आहात का? एकच विचारते. वडगाव चौफुलीच्या तुमच्या पावत्यांवर हरकतीचा शिक्का आहे ना?"

"हाये."

"सगळ्या पावत्यांवर?"

"हो ना बाई. सगळ्याइवर."

फोन बंद झाला तोवर इकडे धपाट्यांचा आवाज होऊन गेला होता, बायका खळखळून हसत होत्या, आणि आपल्या नातीचं नाव काय ठेवलं ते देवमनला ऐकूच आलं नव्हतं. कोणाला विचारायची त्याला लाज वाटली. घरात सगळे तिला चिमणी म्हणत, तोही चिमणी म्हणू लागला. पाळण्याची दोरी त्याच्या हातात दिली तेव्हा त्यानं ती ओढली, पण डोळ्यांपुढे पाळणा नव्हता, कपाटाचा खण होता. शिक्का त्या खणात होता. पावती एकही अशी नव्हती, की जिच्यावर तो उमटला असेल.

वडगाव चौफुली हे अकोल्याहून अमरावतीला जाताना मधलं गाव. तिथल्या नगरपालिकेनं ठराव केला होता, की खाजगी गाडी स्टँडवर थांबली की दर फेरीला थांबा शुल्क भरायचं. मोबदल्यात काय, तर पत्रे उडालेली शेड, कोरडा नळ आणि कुलूप लावलेली मुतारी. ट्रॅव्हल्सवाले एकत्र आले आणि नागपूरला कोर्टात गेले. शुल्क म्हणजे सोयीचा मोबदला, सोयच नसेल तर तो कर झाला, आणि असा कर बसवायचा पालिकेला अधिकार नाही, हे त्यांचं म्हणणं. कोर्टानं सांगितलं, निकाल लागेपर्यंत भरत राहा, पण ज्याची हरकत असेल त्यानं ती पावतीवर नोंदवावी. आता धावत्या गाडीच्या कंडक्टरनं खिडकीशी उभं राहून एवढं कुठं लिहीत बसायचं? म्हणून संघटनेचे अध्यक्ष महादेवराव अढाऊ यांनी रबरी शिक्के करून घेतले आणि गाडीमागे एक असे वाटले. वर मोठ्या अक्षरात 'हरकत राखून भरणा'. खाली बारीक अक्षरात 'महादेवराव ना. अढाऊ, अध्यक्ष'. कोर्टातही त्याच शिक्क्याचा नमुना दाखल झाला. देवमननं आपला शिक्का दोन्ही हातांनी घेतला, घरी आणला आणि कपाटाच्या खणात जुन्या फॅनबेल्टखाली सारून दिला. त्याच्या कंडक्टरनं एकदा विचारलं तर म्हणाला, "आपल्याले नाई लागत. पावती घे अन् चाल." तो काही दुधखुळा नव्हता. वकीलबाईंनी बैठकीत सगळ्यांना समजावलं होतं, की एकानं जरी मुकाट्यानं पैसे भरले तर पालिका कोर्टात म्हणेल, पाहा, सोय पटते म्हणूनच भरतात; मग सगळ्यांची केस त्या एकापायी बसेल. आणि केस बसली तर महादेवरावच्या सात गाड्या तगतील, देवमनची एकुलती एक गाडी काही तगायची नाही, हेही त्याला कळत होतं. शुल्क, टायर, डिझेल आणि गाडीचा हप्ता यांचा मेळ त्यानं मनात हजारदा घातला होता. तरीही शिक्का उचलायला हात जात नसे. माझ्या गाडीचा पैसा, माझ्या गाडीची पावती, आणि तिच्यावर रोज त्याचं नाव? इथंच त्याचं डोकं अडून बसे, हट्टी बैल पाण्याच्या काठावर अडतो तसं, तहान लागलेली असतानाही.

पेपरात केसची बातमी येई तेव्हा तिचं नाव असे 'अढाऊ व इतर विरुद्ध नगरपालिका'. देवमन त्या ओळीवर बोट ठेवून वाची. अढाऊ. व. इतर. याचिकेत त्याचा नंबर दुसरा होता, त्याचं पूर्ण नाव आत कुठंतरी लिहिलेलं होतं, पण बाहेरच्या जगात तो 'इतर' होता. चहाच्या टपरीवर कोणी विचारी, "काय झालं बे त्या अढाऊच्या केसचं?" तर त्यालाच उत्तर द्यावं लागे, आणि उत्तर देताना त्याला वाटे, आपण दुसऱ्याच्या घरच्या लग्नात वाढपी झालो आहोत. अक्षरं त्याला फार उशिरा आली होती. तीस उलटल्यावर. तोवर तो गाड्या रंगावरून आणि पत्र्याच्या पोच्यांवरून ओळखी, गावं झाडांवरून आणि नोटा चित्रावरून. महादेवनं तेव्हा तेल्हाऱ्याकडचा बापाच्या वावराचा एक तुकडा विकून लिलावातली मोडकी बस घेतली होती, आणि देवमननं आपले दोन हात घातले होते. गॅरेजात वाढलेले हात. तीन महिने त्यानं ते इंजिन उघडून बसवलं, पुन्हा उघडलं, अंगाला ऑइलचा वास असा मुरला की इंदूबाई त्याचं अंथरूण वेगळं घाली. गाडी तयार झाल्यावर पेंटर शिडीवर चढला आणि विचारू लागला, नाव काय टाकू? महादेव म्हणाला, "जय महादेव टाक." देवाच्या नावाला कोण नाही म्हणेल? पण पेंटर रंगवत असताना तो शिडीखाली उभा राहिला आणि हे काय, ते काय, असं विचारू लागला, आणि पेंटर ब्रश न थांबवता सांगत गेला. हा म. हा ह, त्याले काना. हा द, मात्रा वर. हा व. त्या दिवशी देवमनला पहिली अक्षरं आली. पुढे कधीतरी स्वतःचं नाव लिहायला बसला तेव्हा त्याच्या ध्यानात आलं, की द, व, म ही सगळी तीच अक्षरं आहेत. एक न तेवढा नवा शिकावा लागला. अजूनही सही करताना तो शेवटच्या न शी आला की पेन जरा दाबून धरी. एवढा तरी आपला.

तसं पाहिलं तर महादेवनं त्याचं वाईट काय केलं होतं? काहीच नाही, आणि तेच तर त्याला सलत होतं. वाईट केलं असतं तर भांडता आलं असतं. दोघं बरोबर कुठं गेले की लोक म्हणत, या महादेवराव, बसा, ये देवमन. तो राव कोणी त्याला कधी चिकटवला, कोणत्या वर्षी, हे देवमननं पुष्कळ आठवून पाहिलं होतं. वावर विकलेल्याला राव मिळतो आणि हात विकलेल्याला मिळत नाही, असं काहीसं त्याच्या मनात येई. भागीदारी मोडून वाटण्या झाल्या तेव्हा महादेवरावनं पहिली गाडी, ती जुनी, त्यालाच देऊन टाकली होती. देवमननं पत्र्यावरचं नाव खरवडून काढलं आणि वर निळा रंग दिला. पण पेंटरनं जुन्या काळचा जाड रंग लावलेला. पावसात पत्रा ओला झाला की निळ्याखालून ती अक्षरं फुगून वर येत. मग तो फडक्यानं पत्रा पुसत राही, आणि प्रवासी आतून म्हणत, मालक, गाडी तं सोडा आता.

बारशानंतर चार-आठ दिवसांत देवमन अमरावतीला निघाला. वकीलबाईंना खरं सांगायचं, असं तो स्वतःला म्हणत होता. पण आत कुठंतरी वाटत होतं, की जाऊन बसू, चहा पिऊ, अन् उठून येऊ. त्याच्या गाडीचा गिअरबॉक्स खाली उतरवलेला, म्हणून अढाऊंच्या गाडीत बसावं लागलं. कंडक्टरनं हाताला धरून त्याला पहिल्या सीटवर खिडकीशी बसवलं. त्यानं पैसे काढले तर कंडक्टर मागे सरला. "काका, काहून लाजवता? साहेबानं सांगतलं हाये, पारस्कर काकापासून पैसे घ्याचे नाई." देवमननं नोट पुन्हा खिशात घातली, आणि वडगाव येईपर्यंत ती नोट त्याला मांडीला टोचत राहिली. सीटच्या खोळी धुतलेल्या होत्या. दोन्ही आरसे शाबूत होते. ड्रायव्हर क्लच हळू सोडत होता, जसा सोडायला पाहिजे तसा, आणि देवमनला त्याचा राग येत होता. मागे एक म्हातारी शेजारणीला सांगत होती, अढाऊची गाडी म्हंजे टायमाची बाप्पा, बाकीचे मेले रस्त्यातच झोपतेत. बाहेर वावरं नांगरून पडली होती, काळी, भेगाळलेली, आणि ऊन इतकं की दूरची बाभळ पाण्यात उभी असल्यासारखी हलत होती. त्यानं डोळे मिटले. इंजिनाचा आवाज ऐकू लागला. आत एक टॅपेट सैल होतं, बारीक टकटकत होतं. त्याला फार बरं वाटलं. त्यानं ड्रायव्हरला सांगितलं नाही.

वडगाव चौफुलीला गाडी थांबली तशी तोही खाली उतरला. पालिकेच्या खिडकीत दामिनी नावाची पोरगी बसत असे, गळ्यात ओळखपत्र, समोर टेबलफॅन. अढाऊंच्या कंडक्टरनं पैसे दिले, दोन्ही प्रती पुढे ओढल्या, खिशातून शिक्का काढून तोंडाची वाफ दिली आणि खाडकन्, खाडकन् मारला. तो आवाज देवमनला पाठीत बसल्यासारखा लागला. जांभळी शाई उन्हात ओली चमकत होती. कंडक्टर निघून गेल्यावर दामिनी जाळीतून म्हणाली, "काका, एक सांगू का? तुमची गाडी बिनशिक्क्याची हाये. म्या कोनाले सांगतलं नव्हतं. पन वरून सायबानं तुमच्या प्रती मागून नेल्या."

"कवा?"

"झाले असतीन चार दिस. वकिलाले पाह्यजे होत्या म्हने."

देवमन कोरड्या नळापाशी जाऊन उभा राहिला. त्यानं उगाच नळाची तोटी फिरवली. ती सैल होती, फिरत राहिली. मागून हॉर्न वाजला, आणि कोणी काही म्हणायच्या आत तो पुन्हा त्या पहिल्या सीटवर येऊन बसला.

अमरावतीला वकीलबाई भेटल्या नाहीत, नागपूरला गेल्या होत्या. मग पाय आपोआप महादेवरावच्या घराकडे वळले. महादेवरावच्या किडन्या गेल्या होत्या. आठवड्यातून दोनदा त्याला मशीनवर घालत. घराच्या दारात चपलांची रास होती आणि देवमनच्या मनात पहिला विचार आला तो असा, की मी आजारी पडलो तर दारात किती चपला असतील. बैठकीत वरूडहून आलेले कोणी संत्र्याची पेटी ठेवून गेले होते. अंजनगावचे पाहुणे खाली मान घालून बसले होते. एका पलंगाभोवती एवढी माणसं, आणि पलंगावरचा माणूस सगळ्यांची चौकशी करत होता, जणू हेच आजारी आहेत. आजारसुद्धा मोठ्या माणसाचा. देवमनला पाहताच महादेवरावनं पाहुण्यांना हातानं खुणावून वाटेला लावलं.

"ये गड्या. बैस. जवळ बैस, किडनी काही लागट रोग नाई."

"कसं काय?"

"कसं का? मशीनले जोडतेत, रक्त काढतेत, धुतेत अन् वापस भरतेत. इंजिनाचं ऑइल बदलावं तसं. तुह्यासारखा मिस्त्री पाह्यजे होता. खोलून एका दिसात उभा केला असता मले."

"म्या खोललं असतं तं वापस जोडलं नसतं."

महादेवराव हसला तेव्हा त्याच्या सुजलेल्या पापण्यांमध्ये डोळे दिसेनासे झाले. "ठाऊक हाये मले," तो म्हणाला.

पार्वताबाई पाण्याचा गडू घेऊन आल्या. त्यांनी देवमनपुढे गडू ठेवला आणि नवऱ्याच्या हाताला लागणार नाही असा जरा सरकवला. "भाऊजी, तुमीच सांगा याइले. डॉक्टरनं पानी मापून प्याले सांगतलं, अन् हे रात्री मटक्यापाशी सापडतेत. चोरावानी."

"माह्याच घरात मले चोर म्हन्ते," महादेवराव म्हणाला. "आता नातीचं सांग. शर्वरी. चांगलं नाव ठेवलं बाप्पा, तोंडात गोड लागते."

देवमनच्या हातात गडू होता. तो तसाच राहिला. शर्वरी. तर असं नाव होतं. साधनानं बारशाच्या संध्याकाळीच महादेवकाकाला फोन केला होता, आणि त्यानं चांदीचे वाळे पाठवले होते. ते वाळे देवमननं पोरीच्या पायात पाहिले होते, सासरकडचे असतील असं समजला होता. आपल्या नातीचं नाव आपल्याला याच्या तोंडून कळावं. त्याच्या छातीत काहीतरी बारीक आणि गरम सरकलं, सायलेन्सरला चुकून हात लागावा तसं. तो गडूतलं पाणी प्यायला. घटाघटा, मान वर करून, शेवटच्या थेंबापर्यंत, आणि पलंगावरून महादेवराव त्याच्या गळ्याकडे बघत राहिला, लहान पोरानं दुसऱ्याच्या हातातल्या गोळीकडे बघावं तसा. उभ्या जन्मात पहिल्यांदाच त्यानं देवमनच्या कशाकडे तरी असं पाहिलं होतं. देवमननं दुसरा गडू मागितला. तहान नव्हती तरी प्यायला. शिक्क्याची गोष्ट त्यानं काढली नाही, महादेवरावनंही काढली नाही. परतीच्या गाडीत पोटात पाणी डुचमळत होतं आणि त्याला स्वतःची शिसारी येत होती. पण ते पाणी गोड होतं, हेही त्याला विसरता येत नव्हतं.

तारीख लागली तेव्हा पाऊस सुरू झाला होता. नागपूरच्या कोर्टात छत इतकं उंच, की पंखे लांब नळ्यांना लोंबत होते आणि त्यांचा वारा माणसापर्यंत पोचत नव्हता. ट्रॅव्हल्सवाले मागच्या बाकांवर ओल्या चपला लपवून बसले. महादेवराव मशीनवरून कालच उठलेला, शाल पांघरून आला होता. सगळं इंग्रजीत चाललं होतं. देवमनला ते एखाद्या दूरच्या गॅरेजातल्या ठोकाठोकीसारखं ऐकू येत होतं, आवाज येतो पण काय दुरुस्त होतंय ते दिसत नाही. मग पालिकेचा वकील उठला, त्यानं कागदांचा एक गठ्ठा वर धरला, आणि त्या इंग्रजीच्या लोंढ्यातून एकदम, स्वच्छ, तीन शब्द वर आले. देवमन डोमाजी पारस्कर. जजसाहेबांनी मान वर केली आणि त्यांनीही ते विचारलं, देवमन डोमाजी पारस्कर? वकील म्हणाला, हो, देवमन डोमाजी पारस्कर. ते नाव त्या उंच छताला लागून खाली आलं. बापाच्या नावासकट. डोमाजी, जो दुसऱ्याच्या वावरात निंदण करून मेला, ज्याचं नाव कोणी मोठ्यानं कधी घेतलं नसेल, तोही त्या छताखाली फिरला. देवमनचे कान तापले. पाठ ताठ झाली. शेजारच्या माणसानं त्याच्याकडे पाहिलं, पुढच्या बाकावरच्यानं वळून पाहिलं, आणि त्याला वाटलं, पाहा, पाहा लेकहो, हा मी. घटकाभर तो इतका सुखी होता, की त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. अढाऊंचं नाव कोणी घेतलं नव्हतं. मग अदितीची मान हळूहळू वळताना दिसली, आणि तिचा चेहरा पाहून त्याला कळलं, की आपलं नाव का निघालं ते.

सुनावणी दुपारनंतर पुढे चालणार होती. बाहेर व्हरांड्यात अदितीनं त्याला खांबाशी गाठलं. "काका, मी तुम्हाला विचारलं होतं. तुम्ही हो म्हणालात." तिचा आवाज चढला नव्हता, म्हणूनच तो जास्त लागला. बाकीचे मालक जवळ सरकले. कोणीतरी म्हणालं, "घरभेदी सालं." कोणीतरी म्हणालं, "बुडवलं ना बे तुनं सगळ्याइले." देवमन पायऱ्यांवरून वाहणाऱ्या पाण्याकडे बघत होता. खरं सांगायला एकच वाक्य लागलं असतं. ते वाक्य त्याच्या जिभेवर तयार होतं, की म्या मुद्दाम मारला नाई, मले त्याचं नाव नको होतं. पण ते वाक्य एवढ्या लोकांत, पावसात, वकीलबाईंच्या काळ्या कोटासमोर इतकं लहान वाटू लागलं, की तोंडातून निघेना. तेवढ्यात मागून शालीतला आवाज आला.

"बाई, त्याची काही चूक नाई. त्याले शिक्का म्या देल्लाच नाई."

अदिती वळली. "दिलाच नाही?"

"माह्या सात गाड्याइचे शिक्के वाटता वाटता त्याचा राहून गेला. तो दोनदा मागाले आलता. म्या म्हनलं, देतो, देतो. मंग दवाखान्यात पडलो. अध्यक्षाचा गाढवपना हाये, लिवा तसं."

"हे शपथेवर लिहावं लागेल, काका."

"मंग लिवा शपथेवर. म्या आता कोनाले भेव?"

अदितीनं एकदा याच्याकडे, एकदा त्याच्याकडे पाहिलं. तिला कळलं असेल किंवा नसेल. ती कागद काढायला गेली. देवमन खांबाला टेकून उभा होता आणि त्याच्या मनात उपकाराच्या जाणिवेचा एक कणही येत नव्हता. कोर्टात घटकाभर त्याचं नाव एकटं उभं होतं. वाईट का असेना, पण त्याचं होतं, त्याच्या हातचं होतं. आता त्या चुकीवरही अढाऊंचं नाव लागणार होतं. माझा गुन्हासुद्धा यानं घेतला, त्याला वाटलं. माझ्यापाशी ठेवला काय यानं?

दुपारी शपथपत्र दाखल झालं. कोर्टानं ते ठेवून घेतलं आणि सांगितलं, की पारस्कर यांनी यापुढं दाखल नमुन्याप्रमाणे हरकत नोंदवावी, मागचं काय ते निकालाच्या वेळी पाहू. केस वाचली. परतताना महादेवरावनं त्याला आपल्याच मोटारीत घेतलं. काचेवरून पाणी ओघळत होतं. कोंढाळी मागं पडल्यावर देवमननं खिडकीकडे तोंड ठेवूनच विचारलं, "काहून केलं तसं?"

"फॅनबेल्टखाली हाये ना अजून?"

देवमननं काच आतून हातानं पुसली.

"इंदूबाईनं पार्वताले कवाचं सांगतलं. कपाट झाडताना सापडला म्हने. म्या म्हनलं, राहू द्या, पाहू किती दिस दम धरते. तू लेका पहिल्यापासून असाच. गाडीवरचं नाव खरवडलं, तवाई म्या काही बोललो का?"

"तुले कोनं सांगतलं?"

"सांगाले कायले पाह्यजे? पावसात दिसे ना बे." महादेवराव हसू लागला आणि हसता हसता खोकू लागला, त्यानं शाल तोंडाशी धरली. मग डोळे मिटून म्हणाला, "त्या दिशी तू ढोसलं पानी माह्यासमोर. दोन गडू. असा राग आला होता तुहा." देवमननं मान वळवून पाहिलं. त्याला त्या झाकल्या पापण्यांना अजून काही विचारायचं होतं. पण महादेवराव झोपला होता, किंवा झोपलो असं दाखवत होता.

सुनावणीपासून देवमन आपली गाडी वडगावच्या स्टँडवर न थांबवता बाहेरूनच काढत होता. पुढच्या तारखेआधीच महादेवराव गेला. चौदावीच्या जेवणाला चपला दारात मावत नव्हत्या, फाटकाबाहेर लागल्या होत्या. अदिती आली होती. पंगत उठल्यावर देवमननं तिला बाजूला घेतलं आणि, कितीही ठरवलं होतं विचारायचं नाही म्हणून, विचारलंच. "बाई, आता केसले माह्यं नाव लागन ना? दुसरा नंबर म्या."

"नाही काका. केसचं नाव तेच राहतं. त्यांच्या नावापुढे मयत लिहितात आणि खाली वारस लावतात. पार्वताकाकू, मुलं."

"म्हंजे अढाऊ व इतरच."

"अढाऊ व इतरच."

दुसऱ्या दिवशी तो अकोल्याच्या शिक्केवाल्याकडे गेला आणि नवा शिक्का करून आणला. वर 'हरकत राखून भरणा', खाली 'देवमन डोमाजी पारस्कर'. घरी कोऱ्या कागदावर त्यानं तो मारून पाहिला, एकदा, मग पुन्हा, मग कागद भरेपर्यंत. इंदूबाई शर्वरीला मांडीवर घेऊन दारातून पाहत होत्या. त्यांनी पोरीचं तोंड दुसरीकडे वळवलं. सकाळी तो स्वतः आपल्या गाडीबरोबर वडगाव चौफुलीला गेला आणि खिडकीशी पावती पुढे ओढून शिक्का मारला. दामिनीनं पावती उलटून पाहिली.

"हे नाई चालनार, काका. कोर्टात नमुना हाये तोच शिक्का पाह्यजे. अढाऊ साहेबांचा."

"तो मेला ना."

"मानूस मेला. नमुना तोच हाये."

मागे तिच्या टेबलफॅनचं पातं कशाला तरी घासत होतं. देवमनला ते ऐकू आलं, काय बिघडलंय तेही कळलं. तो उभा राहिला. मग सदऱ्याच्या आतल्या खिशात हात घातला. जुना शिक्का तिथंच होता. फॅनबेल्टखालून काढून आणताना त्यानं स्वतःला सांगितलं होतं, की उगाच, असू द्यावा जवळ. रबर उन्हाळाभर पडून कोरडं झालं होतं. दामिनीनं शाईची गादी पुढे सरकवली. त्यानं शिक्का टेकवला, तोंडाजवळ नेऊन वाफ दिली, जशी त्या कंडक्टरनं दिली होती, आणि मारला. वरची ओळ नीट उठली. नाव अर्धवट उठलं. त्यानं पुन्हा मारला, सगळा भार देऊन, पेनाखाली आपला न दाबतो तसा, आणि या खेपेला सगळी अक्षरं आली. म, ह, द, व. पेंटरनं शिकवली होती तीच. गाडीतून कोणीतरी ओरडलं, मालक, चाला ना. तो शिक्का परत खिशात टाकून चढला.

केस अजून चालू आहे. देवमन दर फेरीला शिक्का मारतो, कंडक्टरला मारू देत नाही. त्याच्या प्रत्येक सदऱ्याला छातीवर आतून जांभळा डाग आहे. इंदूबाईंनी लिंबू लावून पाहिलं, मीठ लावून पाहिलं, डाग जात नाही. पाऊस आला की निळ्या पत्र्यावर नाव वर येतं. तो आता फडकं घेत नाही, पण बघायचं मात्र सोडत नाही.

महादेवराव नारायणराव अढाऊ अमरावतीला आपल्या घरी वारले, तान्ह्या पोळ्याच्या दिवशी सकाळी, शुक्रवार, १५ सप्टेंबर २०२३ रोजी.